जे भरले तेच निघते, तर सिम्युलेशनने कळते काय?

प्रश्न थोडक्यात असा आहे. एखादी नवी पद्धत लोकसमूहात कशी पसरते, याचे मॉडेल एका संशोधक विद्यार्थ्याने तयार केले आहे. त्यात प्रत्येक व्यक्ती एक स्वतंत्र ‘एजंट’ आहे, सुमारे ४० प्राचल (पॅरामीटर, म्हणजे मॉडेल चालवण्याआधी ठरवून द्यायचे आकडे) आहेत आणि मॉडेलमधून निघणारा वक्र प्रत्यक्ष आकडेवारीशी उत्तम जुळतो. तरीही मार्गदर्शकांनी विचारले आहे की, संगणकात जे भरले तेच संगणकाने परत दिले, मग यात सिद्ध काय झाले? या आक्षेपाला उत्तर काय द्यावे आणि अशा मॉडेलवर विश्वास कधी ठेवावा, हे विद्यार्थ्याला जाणून घ्यायचे आहे.

मार्गदर्शकांचे विधान खरे आहे. त्यातून निघणारा निष्कर्ष मात्र अपुरा आहे. सिम्युलेशनमधून, म्हणजे मॉडेल संगणकावर चालवून, बाहेर येणारी प्रत्येक गोष्ट गृहीतकांत दडलेली असते, यात शंका नाही. पण भूमितीतील प्रत्येक प्रमेयही तिच्या मूळ गृहीतकांत दडलेले असते आणि म्हणून प्रमेये शोधणे व्यर्थ आहे, असे कोणी म्हणत नाही. खरी अडचण अशी की, आपण मॉडेलमध्ये नेमके काय भरले आहे हे आपल्यालाच पुरते ठाऊक नसते. काही गृहीतके आपण विचारपूर्वक लिहितो, काही ‘सध्या असे ठेवू’ म्हणून राहून जातात, आणि काही तर कोड लिहिताना नकळत आत शिरतात व त्यांना गृहीतक म्हणून कोणी ओळखतही नाही. वीसेक वर्षांच्या कामात माझा बहुतेक वेळ मॉडेल लिहिण्यात गेलेला नाही. समोर आलेला परिणाम यांपैकी कोणत्या गृहीतकाने घडवला, हे शोधण्यात तो गेला आहे. तुमच्या मॉडेलवर विश्वास ठेवावा की नाही, हेही याच शोधावर ठरेल.

एक जुने उदाहरण घ्या. अर्थशास्त्रज्ञ टॉमस शेलिंग यांनी १९७१ साली प्रसिद्ध केलेल्या लेखात चौकटींच्या पटावर दोन प्रकारच्या सोंगट्या मांडल्या आणि त्यांना एकच साधा नियम दिला: आपल्या शेजाऱ्यांपैकी ठरावीक वाटा, समजा एक तृतीयांश, आपल्या प्रकारचा असेल तर समाधानी राहायचे, नसेल तर दुसऱ्या जागी जायचे. कोणत्याही सोंगटीला वेगळी वस्ती नको आहे. दोन तृतीयांश परके शेजारी तिला चालतात. तरीही काही फेऱ्यांनंतर पट ठळकपणे वेगळ्या वस्त्यांत विभागला जातो. शेलिंग यांचे हे काम नाण्यांनी, हातानेसुद्धा करून पाहता येते. त्याला संगणक लागत नाही.

यातून काय सिद्ध झाले, हे काटेकोरपणे सांगायला हवे. प्रत्यक्ष शहरांतील विभागणी सौम्य पसंतीमुळेच झाली, असे या मॉडेलने सिद्ध केले नाही. कायदे, घरांच्या किमती आणि उघड भेदभाव यांचा वाटा त्यात मुळात धरलेलाच नव्हता. त्याने एका अनुमानाची वाट बंद केली. वस्त्या तीव्रपणे विभागलेल्या दिसतात, म्हणून माणसांच्या मनातील तिटकाराही तितकाच तीव्र असला पाहिजे, हे अनुमान आता आपोआप करता येत नाही. नियमांत जे होते तेच बाहेर आले, पण ते नियमांत आहे हे आधी कोणाला दिसले नव्हते. जटिल प्रणालींच्या, म्हणजे अनेक घटकांच्या परस्परक्रियेतून घडणाऱ्या व्यवस्थांच्या, अभ्यासात मॉडेलचे पहिले काम हेच असते: घटकांच्या वर्तनावरून समूहाच्या वर्तनाकडे आणि समूहावरून घटकाकडे जाताना आपली सहजबुद्धी जिथे उडी मारते, तिथे तिला पायऱ्या मोजायला लावणे.

दुसरे उदाहरण रस्त्यावरील वाहनांचे आहे आणि त्यावर मी थोडा अधिक रेंगाळणार आहे, कारण एवढ्या छोट्या मॉडेलमध्ये एवढे शिकवणारे दुसरे मला क्वचितच सापडले. काई नागेल आणि मिखाएल श्रेकेनबर्ग यांनी १९९२ मध्ये रस्त्याचे ७.५ मीटर लांबीच्या घरांत तुकडे केले. प्रत्येक घर रिकामे असते किंवा त्यात एक वाहन असते आणि वाहनाचा वेग दर सेकंदाला शून्य ते ५ घरे असतो. दर सेकंदाला चार गोष्टी घडतात. कमाल वेग गाठला नसेल तर वेग एकाने वाढतो. पुढचे वाहन जवळ असेल तर वेग मधल्या रिकाम्या घरांइतका खाली येतो. त्यानंतर ठरावीक संभाव्यतेने वेग विनाकारण एकाने घटतो. आणि शेवटी सगळी वाहने एकाच वेळी पुढे सरकतात. एवढ्या नियमांवर गोलाकार रस्ता चालवून पाहिला, तर पुरेशी वाहने असताना कोंडी आपोआप तयार होते आणि ती वाहनांच्या दिशेच्या उलट, मागे मागे सरकत जाते. अपघात नाही, अरुंद पूल नाही, सिग्नल नाही; तरीही कोंडी आहे.

आता तिसरा नियम, म्हणजे विनाकारण मंदावणे, काढून टाका. सहा घरांमागे एक वाहन इतक्या घनतेपर्यंत रस्ता अखेरीस पूर्ण वेगाने वाहू लागतो, मग सुरुवातीला वाहने कशीही उभी केलेली असोत. एक नियम खोडण्याच्या या प्रयोगाने, कोंडीच्या जन्माचे कारण कोणत्या ओळीत आहे, ते दाखवून दिले. पुढे २००८ साली प्रसिद्ध झालेल्या जपानमधील एका प्रयोगात २३० मीटर परिघाच्या गोल मार्गावर २२ खऱ्या गाड्या चालवण्यात आल्या आणि चालकांना एकसारख्या वेगाने जाण्यास सांगण्यात आले. थोड्याच वेळात तिथेही कोंडीची लाट उठली आणि मागे सरकू लागली. प्रयोगाने मॉडेलमधील प्रत्येक नियम खरा ठरवला, असा याचा अर्थ नाही; चालकाच्या मनात पासा पडत नाही. अडथळा नसतानाही कोंडी होऊ शकते, एवढे मात्र मॉडेल आणि रस्ता या दोघांनी मिळून पक्के केले. ‘पुरेसे कारण’ आणि ‘खरे कारण’ यांतील अंतर या क्षेत्रात कधीही विसरून चालत नाही. मॉडेल पहिले दाखवते. दुसऱ्यासाठी मॉडेलच्या बाहेर जावे लागते.

समीकरणे वापरावीत की एजंट, हा वाद नवशिक्यांना फार महत्त्वाचा वाटतो. माझ्या मते त्याचा निर्णय एकाच प्रश्नाने होतो: सरासरी काढल्यावर आपल्याला हवी असलेली गोष्ट शिल्लक राहते का? साथीच्या रोगाचे उदाहरण पाहा. एक बाधित माणूस सरासरी दोघांना बाधा देतो, असे धरले तर नेहमीच्या अवकल समीकरणांनुसार साथ हमखास येते आणि ओसरेपर्यंत सुमारे ८० टक्के लोकांना गाठते. आता हाच रोग, त्याच दरांनी, एकेका माणसाच्या पातळीवर आणि संभाव्यतेच्या नियमांनी चालवा. बाधितावस्थेचा काळ घातांकी वितरणाने ठरत असेल (म्हणजे बरे होण्याची शक्यता दर क्षणी सारखीच असेल) आणि सुरुवात एकाच बाधिताने होत असेल, तर सुमारे निम्म्या वेळा साथ पसरण्याआधीच विझते, कारण पहिला माणूस कोणालाही बाधा न देता बरा होतो किंवा साखळी दोन-चार जणांनंतर तुटते. उरलेल्या निम्म्या वेळा मात्र ती ८० टक्क्यांच्या आसपास पोचते. अशा सगळ्या धावांची (धाव म्हणजे मॉडेल एकदा सुरुवातीपासून शेवटपर्यंत चालवणे) सरासरी काढली तर सुमारे ४० टक्के येते आणि हा आकडा जवळपास एकाही धावेत प्रत्यक्ष दिसत नाही. अशा वेळी सरासरी हे उत्तराचे संक्षिप्त रूप उरत नाही, ते चुकीचे उत्तर होते. याउलट, बाधितांची संख्या हजारांत गेल्यावर तीच समीकरणे उत्तम चालतात आणि तिथे लाखो एजंट फिरवणे म्हणजे वीज जाळणे आहे.

म्हणून मी विद्यार्थ्यांना आधी सर्वांत ओबडधोबड समीकरण लिहायला सांगतो. ते अपुरे पडेल. पण ते नेमके कुठे अपुरे पडते हे कळले, की एजंट कशासाठी हवेत याचे कारण हाती येते. व्यक्तीव्यक्तींतील फरक, जागेची किंवा ओळखीच्या जाळ्याची रचना, आणि लहान संख्येतील योगायोग ही तीन कारणे मला सबळ वाटतात. ‘वास्तवाच्या अधिक जवळ जाणारे’ हे कारण मला पटत नाही. नकाशात प्रत्येक दगड दाखवल्याने वाट सापडत नाही.

भाकिताबद्दल तुम्ही थेट विचारलेले नाही, पण ‘विश्वास’ या शब्दामागे बहुधा तेच असते. लुइस फ्राय रिचर्डसन यांनी १९२२ साली हवामानाचे गणिती भाकीत हाताने आकडेमोड करून मांडले. त्यांचे उत्तर असे आले की, हवेचा दाब सहा तासांत १४५ हेक्टोपास्कलने वाढेल; प्रत्यक्षात तो जवळजवळ स्थिर होता. कोणीही ते मॉडेल कचऱ्यात टाकले असते. नंतरच्या संशोधकांना आढळले की समीकरणांत मूलभूत दोष नव्हता. सुरुवातीच्या निरीक्षणांत वारा आणि दाब यांचा जो तोल हवा होता तो नव्हता आणि ती निरीक्षणे योग्य रीतीने समतोल करून घेतली, तर त्याच पद्धतीने समंजस उत्तर येते. हवामानशास्त्रज्ञ एडवर्ड लॉरेन्झ यांना १९६१ साली उलटा अनुभव आला. संगणकावरील हवामानाच्या मॉडेलची एक धाव पुन्हा चालवताना त्यांनी ०.५०६१२७ ऐवजी छापील कागदावरचा ०.५०६ हा आकडा भरला, आणि काही काळानंतरचे हवामान पहिल्या धावेपासून पूर्णपणे वेगळे झाले. तिथे चूक कुठेच नव्हती. प्रणालीचा स्वभावच तसा होता. एकाच प्रकारच्या अपयशाची ही दोन मुळे आहेत आणि त्यांवरचे उपाय अगदी भिन्न आहेत. पहिल्यावर सुरुवातीची माहिती सुधारणे हा उपाय आहे. दुसऱ्यावर एकच मार्ग सांगण्याचा हट्ट सोडून, किंचित वेगवेगळ्या सुरुवातींच्या अनेक धावा एकत्र घेऊन शक्यतांचा पसारा सांगणे हा उपाय आहे. हवामान केंद्रे १९९२ पासून नियमित कामकाजात हेच करत आली आहेत.

आता त्या भागाकडे वळतो, जो पाठ्यपुस्तकांत थोडक्यात उरकला जातो आणि प्रत्यक्ष कामात सर्वाधिक छळतो. काही वर्षांपूर्वी मी सामाईक साधनसंपत्तीचे एक मॉडेल लिहिले होते. सर्व एजंट सारखेच होते, साधन सगळ्यांना सारखेच उपलब्ध होते, आणि तरीही काही शे फेऱ्यांनंतर संपत्ती मोजक्या एजंटांकडे साठत असे. मी त्यावर सुमारे तीन आठवडे खूश होतो. ‘समानतेतून विषमता’ अशा आशयाचे एक टिपणही लिहून झाले होते. मग एका सहकाऱ्याने सहज विचारले, श्रीमंत होणारे एजंट दर वेळी वेगळे असतात का? मी पाहिले, तर प्रत्येक धावेत बहुतांशी तेच क्रमांक वर येत होते, आणि ते यादीच्या सुरुवातीचे होते. प्रत्येक फेरीत मी एजंटांना यादीच्या क्रमाने पुढे बोलावत होतो, त्यामुळे पहिल्यांना नेहमी भरलेले साधन मिळे आणि शेवटच्यांना उरलेसुरले. दर फेरीला क्रम यादृच्छिक केला, म्हणजे चिठ्ठ्या टाकल्यासारखा ठरवला, आणि विषमता जवळजवळ नाहीशी झाली. रांगेत पहिला असणे हे माझ्या मॉडेलमधील सर्वांत प्रभावी गृहीतक होते आणि ते मी कुठेच लिहिले नव्हते.

हा केवळ माझा निष्काळजीपणा, असे म्हणून सोडून देता आले असते. पण याच जातीची चर्चा वैज्ञानिक वाङ्मयात नोंदलेली आहे. मार्टिन नोवाक आणि रॉबर्ट मे यांनी १९९२ साली दाखवले की, चौकटींच्या पटावर शेजाऱ्यांशी सहकार्य करावे की त्यांना फसवावे असा खेळ खेळणारे घटक एकमेकांचे अनुकरण करू लागले, तर सहकार्य करणारे टिकून राहतात आणि सुंदर, सतत बदलणाऱ्या नक्ष्या उमटतात. त्यात सगळे घटक आपला निर्णय एकाच क्षणी बदलत होते. पुढच्याच वर्षी बर्नार्डो ह्यूबरमन आणि नॅटली ग्लान्स यांनी तोच खेळ, त्याच मूल्यांवर, घटकांना एकेक करून बदलू देऊन चालवला. सहकार्य पूर्णपणे नष्ट झाले. मूळ संशोधकांनी नंतर हेही दाखवले की इतर मूल्यांवर एकेक बदलातही सहकार्य टिकते. तेव्हा कोण जिंकले हा मुद्दा नाही. सर्वांनी एकाच ठोक्यावर निर्णय बदलणे, ही कोडमधील सोय वाटणारी गोष्ट त्या जगाविषयीचे एक ठाम विधान होती, हा मुद्दा आहे. वाहनांच्या मॉडेलमध्येही ‘सगळी वाहने एकाच वेळी’ हे शब्द असेच वजनदार आहेत. त्या जागी एकेक वाहन हलवले, तर ते मॉडेल वेगळे होते.

संगणकातील आकडेही असेच नकळत बोलतात. एखाद्या एजंटाकडे ०.३ इतकी ऊर्जा आहे आणि तो तीन वेळा ०.१ खर्च करतो, असे धरा. शाळेच्या गणिताने शून्य उरते. संगणकाच्या नेहमीच्या द्विमान अपूर्णांकांत (फक्त ० आणि १ वापरून लिहिलेल्या) मात्र शून्याहून किंचित कमी उरते. ‘ऊर्जा शून्याखाली गेली तर एजंट मरतो’ असा नियम असेल, तर जो जगायला हवा होता तो मेलेला आढळतो. उपाय सोपा आहे: अशा राशी पूर्णांकांत ठेवाव्यात किंवा तुलना करताना थोडी सूट द्यावी. यादृच्छिक संख्यांचेही तसेच. १९६०च्या दशकात मोठ्या संगणकांवर सर्रास वापरल्या गेलेल्या ‘रँडू’ या पद्धतीतील लागोपाठच्या तीन-तीन संख्या घनात बिंदू म्हणून मांडल्या, तर त्या केवळ १५ प्रतलांवर पडतात. आजच्या पद्धती कितीतरी चांगल्या आहेत; तरी महत्त्वाचा निष्कर्ष दुसऱ्या पद्धतीच्या संख्यांवर एकदा तपासण्याची सवय मी सोडलेली नाही.

आता तुमच्या वक्राकडे. नव्या पद्धतीच्या प्रसाराचा वक्र आधी हळू, मग वेगाने, मग पुन्हा हळू चढतो आणि तुमचे मॉडेल तो बरोबर काढते. हे ऐकून मला फारसा आनंद झाला नाही, त्याचे कारण सांगतो. लोक एकमेकांचे पाहून पद्धत स्वीकारतात, असे धरले तर हाच आकार येतो. आता कोणीही कोणाकडे पाहत नाही असे धरा. प्रत्येकाची खर्चाची मर्यादा वेगवेगळी आहे, त्या मर्यादांचे वितरण घंटेच्या आकाराचे आहे, आणि नव्या पद्धतीचा खर्च दरवर्षी सारख्या प्रमाणात घटतो आहे. यातूनही तसाच वक्र निघतो, आणि त्यात समाजाचा प्रभाव औषधालाही नाही. सर्वांना हळूहळू माहिती पोचवणारे प्रसारमाध्यम आणि थोडीशी देवाणघेवाण यांच्या मिश्रणातूनही तो निघेल. म्हणजे तुमच्या आकडेवारीतील वक्र अनेक निरनिराळ्या यंत्रणांशी सारखाच सुसंगत आहे. त्यात ४० प्राचल जुळवायला मोकळे असतील, तर न जुळणे हेच आश्चर्य ठरले असते.

म्हणून एकाच वक्रावर समाधान मानू नये. एकाच वेळी अनेक स्वतंत्र खुणा जुळतात का, हे पाहावे. कोणी आधी स्वीकारले आणि त्यांचे शेजारी किंवा परिचित किती काळाने वळले, किती जणांनी स्वीकारून पुन्हा सोडले, वेगवेगळ्या गटांत वेग किती भिन्न होता, अशा प्रत्येक खुणेने काही पर्यायी यंत्रणा बाद होतात. ज्या खुणांवर मॉडेल जुळवले नाही, त्या त्याने बरोबर दाखवल्या तर त्याचे मोल अधिक. इथे एक खाच आहे. परिचित माणसे एकामागोमाग वळली, तरी ते प्रभावामुळेच झाले असे म्हणता येत नाही. एकसारखी माणसेच एकमेकांची परिचित असतात आणि ती कदाचित स्वतंत्रपणेच त्या सुमारास वळली असती.

न जुळणे कसे उपयोगी पडते, याचे एक चांगले उदाहरण पुरातत्त्वातून येते. अमेरिकेतील ॲरिझोना राज्यातील लाँग हाउस व्हॅली या दरीत इसवी सन ८०० ते १३५० या काळात राहणाऱ्या प्राचीन पुएब्लो या मूलनिवासी शेतकऱ्यांचे मॉडेल रॉबर्ट ॲक्सटेल व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००२ साली प्रसिद्ध केले. झाडांच्या वलयांसारख्या पुराव्यांवरून काढलेले पर्जन्यमान, जमिनीचा कस आणि कुटुंबांचे साधे नियम यांवर ते चालत होते. लोकसंख्येचे चढउतार त्याने बऱ्यापैकी पकडले. पण १३०० च्या सुमारास ती दरी प्रत्यक्षात पूर्ण ओस पडली, आणि मॉडेलमध्ये मात्र काही कुटुंबे तिथे तग धरून राहत होती. संशोधकांनी प्राचल पिळून हा फरक मिटवला नाही. त्यांनी तो निष्कर्ष म्हणून मांडला: दरीने थोड्या लोकांना पोसले असते, तेव्हा केवळ निसर्गाच्या माऱ्याने लोकांचे पूर्णपणे निघून जाणे समजावता येत नाही. पुढच्या पुनर्तपासणीत असेही दिसले की, वक्राचा मुख्य आकार दरीच्या पोसण्याच्या क्षमतेनेच ठरत होता आणि कुटुंबांच्या नियमांचा बारकावा त्यात फारशी भर घालत नव्हता. अशी तपासणी आपल्या मॉडेलवर आपणच आधी करावी, हे बरे.

ती कशी करावी? ४० प्राचलांना प्रत्येकी दोनच मूल्ये देऊन सगळी मिश्रणे चालवायची ठरवली, तर एक लाख कोटींहून अधिक धावा होतात. प्रत्येक धाव एका सेकंदात संपली, तरी सुमारे ३५ हजार वर्षे लागतील. अनेक जण मग एका वेळी एकच प्राचल हलवतात आणि बाकीचे जागेवर ठेवतात. ही पद्धत सोपी आहे, पण जटिल प्रणालीचा प्राणच घटकांच्या परस्परक्रियेत असताना ती नेमकी परस्परक्रियाच पाहत नाही. त्यापेक्षा मॉरिस यांची १९९१ ची चाळणीपद्धत आधी वापरावी. ती थोड्या धावांत निष्प्रभ प्राचल ओळखून देते. उरलेल्यांवर, बहुधा पाच-सातच उरतात, लॅटिन हायपरक्यूब पद्धतीने सर्व बाजूंनी नमुने घ्यावेत आणि उत्तरातील चढउताराचा किती भाग कोणत्या प्राचलाचा व कोणत्या जोडीचा, हे मोजावे. मोजणीचे तंत्र कोणतेही असो, निष्प्रभ ठरलेले प्राचल मॉडेलमधून काढून टाकण्याचे धैर्य मात्र दाखवावे. ‘मॉडेल वास्तव वाटावे म्हणून’ ते ठेवले, तर पुढच्या वाचकाला त्यांचाही हिशेब ठेवावा लागतो.

धावांच्या संख्येबद्दल थोडेच. सरासरीतील अनिश्चितता धावांच्या वर्गमुळाच्या प्रमाणात घटते, म्हणून ती निम्मी करायला चौपट धावा लागतात. पण हव्या तितक्या धावा घेता येत असल्यामुळेच, दोन परिस्थितींतील फरक ‘सांख्यिकीयदृष्ट्या लक्षणीय’ आहे असे सांगण्याला इथे फारसा अर्थ उरत नाही. पुरेशा धावा घेतल्या की कोणताही क्षुल्लक फरक लक्षणीय ठरतो. फरक किती मोठा आहे ते सांगावे, आणि सरासरीऐवजी संपूर्ण वितरणाचे चित्र द्यावे. वरच्या साथीच्या उदाहरणासारखे त्यात दोन उंचवटे असतील, तर ते चित्रातच दिसतील. प्रत्येक धावेचा बीजांक, म्हणजे यादृच्छिक संख्यांची सुरुवात ठरवणारा आकडा, नोंदवून ठेवावा. तो नसेल तर विचित्र धाव पुन्हा उभी करून तपासता येत नाही.

मॉडेलचे वर्णन लिहिताना परिसरशास्त्रज्ञांनी २००६ साली मांडलेला ‘ओडीडी’ (ओव्हरव्ह्यू, डिझाइन कन्सेप्ट्स, डिटेल्स) आराखडा वापरावा. त्यात उद्देश, घटक, घटनांचा क्रम, सुरुवातीची स्थिती असे रकाने आहेत आणि ते भरणे कंटाळवाणे आहे. घटनांच्या क्रमाचा रकाना मी त्या तीन आठवड्यांच्या आधी भरला असता, तर माझे टिपण लिहिले गेले नसते. एजंट मॉडेल लिहिण्याच्या साधनांत नेटलोगोपासून सुरुवात केलेली चालते. पायथन येत असेल तर मेसा आहे. साधन बदलल्याने मॉडेल सुधारत नाही. दोन वेगळ्या माणसांनी केवळ लेखी वर्णनावरून दोन वेगळ्या भाषांत तेच मॉडेल लिहिले आणि उत्तरे जुळली, तर मात्र पुष्कळ सुधारते, किंवा निदान वर्णनात काय सुटले आहे ते कळते.

तुमच्या मार्गदर्शकांना उत्तर द्यायला मी आधी एकच प्रयोग करीन आणि तो एका दिवसाचा आहे. तुमच्या मॉडेलमधील एजंटांच्या परिचयाचे जाळे विस्कटून टाका: प्रत्येकाच्या ओळखींची संख्या तितकीच ठेवा, पण ओळखी कोणाशी हे चिठ्ठ्या टाकल्यासारखे ठरवा. दुसऱ्या धावसंचात एकमेकांचा प्रभाव पूर्णपणे बंद करा आणि तेवढीच स्वीकृती व्यक्तिगत संभाव्यतेवर सोपवा. दोन्हींचे प्राचल तुमच्या मूळ मॉडेलइतक्याच मेहनतीने आकडेवारीशी जुळवून घ्या, कमी मेहनतीने नव्हे. तिन्ही वक्र सारखेच जुळले, तर मार्गदर्शक बरोबर आहेत आणि तुमच्या मॉडेलमधील समाज अजून काहीच काम करत नाही. मग कोणत्या खुणेवर हे तिघे वेगळे पडतात ते शोधून ती आकडेवारी गोळा करावी लागेल. जाळे विस्कटल्यावर वक्र बिघडला आणि कितीही जुळवून सुधारला नाही, तर तुम्ही भरलेल्या ४० गोष्टींपैकी नेमकी कोणती परत आली, हे तुम्हाला बोट ठेवून दाखवता येईल.